परसातले आजारी पक्षी-प्राणी: पाण्याच्या भांड्यापासून माकडतापापर्यंत

खाजणकाठ · १० मार्च, सकाळी ८:१०

उन्हं तापायला लागली की कोकणात घरोघरी पक्ष्यांसाठी पाण्याची भांडी टांगली जातात. भावना चांगली आहे, पण भांडं टांगून विसरून जाणं हे भांडं न ठेवण्यापेक्षा वाईट. एरवी होले, बुलबुल, साळुंक्या, दयाळ वेगवेगळ्या पाणवठ्यांवर विखुरलेले असतात. आपल्या भांड्यामुळे ते सगळे दिवसातून चार वेळा एकाच वीतभर जागेत चोच बुडवतात आणि त्यातच शिटतात. वाडीतल्या रानजीवांचे जे आजार आपल्या नजरेस पडतात, त्यातल्या बऱ्याच आजारांचं मूळ आपणच जमवलेल्या गर्दीत असतं. कधी पाण्याभोवती, कधी दाण्याभोवती, कधी खरकट्याभोवती. म्हणून हा धागा काढतोय. सुरुवात भांड्यापासून.

भांडं पसरट असावं, खोली ३ ते ५ सेंटीमीटर. मध्ये एक खडबडीत जांभा दगड ठेवा, म्हणजे लहान पक्षी आणि मधमाश्या बुडत नाहीत. भांडं फांदीच्या थेट खाली नको, वर बसणाऱ्यांची शीट त्यात पडते. झुडपाला चिकटूनही नको, मांजर दबा धरतं. झुडूप दोन-तीन मीटरवर असलं तर पुरे.

एका भांड्यावर भागत नाही, दोन लागतात. एक वापरात, दुसरं धुऊन दिवसभर कडक उन्हात पालथं. मातीचं भांडं सच्छिद्र असतं, नुसतं विसळून त्याचा बुळबुळीतपणा जात नाही. काथ्याने घासायचं, घाण आणि शेवाळ आधी काढायचं. हा क्रम महत्त्वाचा आहे, कारण घाणीवर ब्लीच ओतलं तर त्यातला क्लोरीन घाणीतच खर्ची पडतो आणि जंतू राहतात तसेच. पाणी रोज बदलायचं, घासणं दोन-तीन दिवसांनी, आणि आठवड्यातून एकदा निर्जंतुकीकरण:

घरगुती द्रव ब्लीच (४-५ टक्क्यांचं) असेल तर १०० मिली ब्लीच + ९०० मिली पाणी.
ब्लीचिंग पावडर असेल तर १ लिटर पाण्यात १५ ग्रॅम. स्वयंपाकघरातल्या काट्यावर मोजा, चमच्याचा भरवसा नाही.

दहा मिनिटं भिजू द्या, तीनदा स्वच्छ पाण्याने धुवा, पूर्ण वाळवा. पावडरचा डबा घट्ट झाकणाचा हवा. आपल्याकडच्या दमट हवेत उघडी राहिलेली पावडर महिन्याभरात गुठळ्या होऊन निकामी होते. आणि ब्लीचमध्ये शौचालय धुण्याचं ॲसिड कधीही मिसळू नका, विषारी वायू निघतो.

---

तांबडी_माती · १० मार्च, दुपारी १२:३५

बरा लिवलास. आमच्या वाडयेत दोन होले पिसां फुगवन बसलेले दिसतत. उडनत नाय. चोच उघडी, पानी पियाक जातत तर भायर येता. चोचीच्या कडेक पिवळा कायतरी लागला हा. पान्यात औषद घालूचा काय? कोन म्हनता हळद घाल.

---

गुरांचा_डॉक्टर · १० मार्च, रात्री ९:०५

तांबडी_माती, तुम्ही सांगताय त्यावरून हा ट्रायकोमोनासचा आजार वाटतो. होले आणि पारव्यांचा हा नेहमीचा रोग. चोच उघडून आत पाहिलं तर घशात आणि टाळूला चिजासारखा पिवळट, चिकट थर दिसतो. तो वाढत जाऊन अन्ननलिका बंद करतो, मग दाणा खाली उतरत नाही, पक्षी गिळायचा प्रयत्न करत मान ताणतो आणि शेवटी भुकेने मरतो. अशा होल्याला शिक्रा किंवा घुबडाने खाल्लं तर त्यालाही लागण होते.

हा जंतू लाळेतून पाण्यात आणि ओल्या दाण्यात जातो, पण वाळला की टिकत नाही. उपायही त्यातच आहे.

१. आजपासून दाणे घालणं बंद. पाण्याची भांडी काढून घ्या, वर दिल्याप्रमाणे धुऊन वाळवा.
२. आजारी पक्षी दिसायचा थांबल्यावर आणखी दोन आठवडे काही ठेवू नका. पक्षी तहानेने मरतील ही भीती नको. वाडीत शिंपण्याचा पाट, विहिरीचा पाणवठा, व्हाळ (ओढा) असतोच. ते पांगले पाहिजेत, हाच उद्देश.
३. नंतर सुरू कराल तेव्हा एका मोठ्या भांड्याऐवजी चार लहान, एकमेकांपासून लांब, आणि रात्री सगळी रिकामी.

पाण्यात औषध घालू नका. या रोगावर औषध आहे, पण ते एकेका पक्ष्याच्या वजनावर मोजून द्यावं लागतं. उघड्या भांड्यात घातलं तर आजारी होला घोटभरही पीत नाही आणि धडधाकट बुलबुल पोटभर पितो. अपुऱ्या मात्रेने जंतू मरत नाही, औषधाला सरावतो. हळदीने या जंतूचं काही बिघडत नाही, फक्त पाणी गढूळ होऊन त्याला आसरा मिळतो.

हा रोग माणसाला होत नाही. तरी मेलेला पक्षी उघड्या हाताने उचलू नका. प्लॅस्टिकची पिशवी हातमोज्यासारखी घालून उचला, तीच उलटी करून गाठ मारा. घरच्या कोंबड्या आणि पाळीव पारव्यांना मात्र ही लागण होते, त्यांचं पाणी वेगळं ठेवा.

---

माडाखाली · ११ मार्च, सकाळी ७:२०

पाण्याचा विषय निघालाच आहे तर भांड्याबाहेरच्या पाण्याबद्दल.

पोफळीची विरी (पानाच्या बुडाशी असणारं खोलगट आवरण) गळून पडते ती बहुधा उताणी. पावसाच्या दोन सरींनंतर वाकून बघा: तिच्या खोलगट बुडाशी पेलाभर तांबूस पाणी आणि त्यात वळवळणाऱ्या शंभरभर अळ्या. तसंच उंदराने भोक पाडलेल्या नारळाचं. बाहेरून सुपारीएवढं भोक, आत पाणी, अंधार, ऊब. डासाला याहून चांगलं घर मिळणार नाही. त्यात करवंट्या आणि माडाच्या पोयी (फुलोऱ्याची वाळकी आवरणं) धरा. अंड्यापासून डास उडेपर्यंत आपल्या हवेत आठ-दहा दिवस लागतात, म्हणून वाडीतून आठवड्यातून एकदा फेरी मारलीच पाहिजे. विऱ्या पालथ्या करून चिरून टाकायच्या, पोखरलेले नारळ फोडून टाकायचे, करवंट्या सरपणात. पाण्याचं भांडं ओतून ठेवणंही पुरेसं नाही. एडिस डासाची अंडी काठाला चिकटलेली असतात आणि कोरडी राहून महिनोन्‌महिने जगतात. घासूनच निघतात.

याचा पक्ष्यांशी संबंध म्हणजे देवीचा रोग. पक्ष्यांच्या देवीचा विषाणू डासांच्या चाव्यातून पसरतो आणि एकाच जागी बसण्या-खाण्यातूनही. पायांवर, डोळ्यांभोवती, चोचीच्या मुळाशी चामखिळीसारख्या गाठी येतात. पुष्कळ पक्षी आपोआप बरे होतात, पण गाठ डोळ्यावर आली तर दिसेनासं होतं आणि मग मांजर-मुंगसाची शिकार. त्यावर आपण काहीही लावायचं नाही. डास कमी करायचे आणि दाण्याची जागा बंद करायची, बस्स.

---

परसू · ११ मार्च, संध्याकाळी ६:४५

कावळे मेलेले दिसले तर बर्ड फ्लू समजायचा का? २०२१ ला दापोलीकडे कावळ्यांत सापडला होता ना? आमच्याकडे गावठी कोंबड्या मोकळ्या फिरतात.

---

गुरांचा_डॉक्टर · ११ मार्च, रात्री १०:३०

हो, जानेवारी २०२१ मध्ये दापोलीच्या मेलेल्या कावळ्यांत सापडला होता. तसा भारतात कोंबड्यांमध्ये तो पहिल्यांदा २००६ साली नवापूरला आढळला. नमुने भोपाळच्या राष्ट्रीय प्रयोगशाळेत जातात, निदान तिथेच होतं. नुसतं बघून कोणी सांगू शकत नाही.

एक कावळा मेला म्हणजे बर्ड फ्लू नव्हे. विजेची तार, विष खाल्लेला उंदीर खाणं, कीटकनाशक, काहीही असू शकतं. पण दोन-तीन दिवसांत एकाच परिसरात चार-पाच कावळे किंवा बगळे मेले, किंवा जिवंत पक्षी मान वाकडी करून गोल फिरताना दिसले, तर हात न लावता पशुसंवर्धन विभागाला कळवा. टोल-फ्री क्रमांक १९६२.

आता कोंबड्या. रानपक्ष्यांकडून कोंबड्यांना आणि कोंबड्यांकडून रानपक्ष्यांना, दोन्हीकडून रोग जातो. आपल्या हातात दुसरी बाजू आहे. कोकणात गावठी कोंबडी लस न देता सोडलेली असते आणि राणीखेत (कोंबड्यांची जीवघेणी साथ) आली की चार दिवसांत खुराडं रिकामं. मेलेली कोंबडी गडग्यापलीकडे फेकली जाते, आणि तिथेच रानकोंबडा, मोर चरतात. हे फेकणं बंद झालं पाहिजे. पुरा, किमान तीन फूट, वर चुना.

लसीचं वेळापत्रक अवघड नाही. पिल्लू ५ ते ७ दिवसांचं असताना राणीखेतची लासोटा (किंवा एफ) लस, एक थेंब डोळ्यात किंवा नाकात. चौथ्या आठवड्यात लासोटा पुन्हा. आठव्या आठवड्याच्या सुमारास राणीखेतचीच आर-टू-बी लस, टोचून. सहा ते आठ आठवड्यांच्या दरम्यान कोंबड्यांच्या देवीची लस.

लस फुकट जाते ती बहुधा दोन चुकांमुळे. एक, दुकानापासून घरापर्यंत ती पिशवीत, उन्हात आणली जाते. थर्मासात बर्फ घालूनच आणा, २ ते ८ अंश. दुसरी, कालवलेली लस दिवसभर वापरली जाते. कालवल्यावर दोन तासांत संपवा, उरली तर टाकून द्या. चार घरांनी मिळून एक बाटली आणली की खर्चही नगण्य येतो. आणि कोंबड्यांना पाण्यातून लस देत असाल तर नळाचं क्लोरीनचं पाणी चालत नाही, विहिरीचं घ्या.

पाण्या-खाण्याचं भांडं खुराड्याच्या छपराखाली ठेवा, म्हणजे कावळे आणि साळुंक्या त्यात येणार नाहीत. कोंबडीचा दाणा अंगणात उधळण्याची सवय मोडणं कठीण आहे, पण बुरशी आलेला, दमट दाणा तरी कोणालाच घालू नका. पावसाळ्यात भुईमूग आणि मका यांवर हिरवट-पिवळी बुरशी धरते, तिचं विष कोंबडीच्या यकृताला घातक आणि साळुंकीच्याही.

---

गडगा · १२ मार्च, सकाळी ११:००

कुत्र्यांचा मुद्दा राहिलाय आणि माझ्या मते सर्वांत मोठा तोच आहे.

कोल्हा, कांडेचोर (उदमांजर), जवादी मांजर, मुंगूस, बिबट्या यांना आपल्या कुत्र्या-मांजरांकडून मिळणारे मुख्य रोग म्हणजे डिस्टेंपर आणि पार्वो (दोन्ही कुत्र्यांचे विषाणूजन्य रोग), खरूज आणि रेबीज. डिस्टेंपरला हलक्यात घेऊ नका. २०१८ च्या सप्टेंबरमध्ये गीरमध्ये काही आठवड्यांत तेवीस सिंह दगावले, त्यांच्यात हा विषाणू सापडला होता. कांडेचोर रात्री आपल्याच माळ्यावर राहतो आणि पडवीत कुत्रं झोपतं. दोघांत अंतर एका वाशाचं.

डिस्टेंपरचा प्राणी ओळखायचा असा: डोळ्यांना-नाकाला घट्ट चिकट स्राव, भर दिवसा उघड्यावर, माणसाची भीती गेलेली, जबडा चावल्यासारखा सतत हलतो, मागचे पाय लटपटतात. यातली निम्मी लक्षणं रेबीजची पण आहेत. म्हणून फरक ओळखायच्या फंदात पडूच नका. लांब राहा, कुत्री-मुलं आत घ्या, वनविभागाला फोन करा.

दोन विषाणूंचा स्वभाव उलटा आहे. डिस्टेंपरचा विषाणू अंगाबाहेर दुबळा, उन्हाने आणि साबणाने मरतो. तो पसरतो श्वासातून, थेट जवळिकीतून. त्याला अडवायला लसच हवी. पार्वोचा विषाणू चिवट, जमिनीत महिनोन्‌महिने टिकतो, स्पिरिटने मरत नाही. पार्वोने मेलेल्या पिल्लाची जागा (फरशी, चिरे) ब्लीचनेच धुवावी लागते, वर दिलेलंच प्रमाण. आणि त्याची घाण वाडीत फेकायची नाही.

लसीकरणातली नेहमीची चूक: दोन महिन्यांचं पिल्लू आणलं, एक इंजेक्शन दिलं, झालं. आईच्या दुधातून आलेली प्रतिकारशक्ती त्या पहिल्या लसीला बऱ्याचदा निकामी करते. म्हणून सहा-आठ आठवड्यांपासून सुरू करून दर तीन-चार आठवड्यांनी, सोळा आठवडे पूर्ण होईपर्यंत डोस द्यायचे असतात. शेवटचा डोस सर्वांत महत्त्वाचा आणि नेमका तोच राहतो. रेबीजची लस तीन महिन्यांनंतर, पुढे दरवर्षी.

नको असलेली पिल्लं पोत्यात घालून घाटाच्या वळणावर सोडणं म्हणजे रोग रानात नेऊन पेरणं. नसबंदी करा, हात जोडून सांगतो.

मासळीची घाण कुंपणाबाहेर टाकली की पहाटेपर्यंत कुत्री, कोल्हे, मांजरं, उंदीर सगळे एका पंगतीला. माडाच्या अळ्यात पुरायची पद्धत जुनी आणि उत्तम आहे, पण चार बोटं माती ओढून उपयोग नाही. दीड-दोन फूट खोल, माती दाबून, वर एक जड चिरा.

---

केळफूल · १२ मार्च, दुपारी ३:१५

गडगादादा, आमच्या मांगरामागे (बागेतल्या खोपटामागे) एक कोल्हा येतो, शेपटीचे केस पूर्ण गेलेत, अंगावर खपल्या. आयव्हरमेक्टिनची गोळी कोंबडीच्या तुकड्यात घालून ठेवली तर बरा होतो असं वाचलं. करू का?

---

गडगा · १२ मार्च, दुपारी ४:००

नका करू, ताई. कळवळा समजतो, कारण खरजेचा कोल्हा बघवत नाही. पण तो तुकडा कोल्हाच खाईल याची खात्री काय? शेजारचं कुत्रं खाईल, मुंगूस खाईल. मात्रा वजनावर असते, आणि काही जातींच्या कुत्र्यांना, विशेषतः कोली वंशाच्या, हे औषध मेंदूत उतरून मारतं. कासवाला तर ते थेट विष. शिवाय एका मात्रेने किडे मरतात, अंडी नाही. दुसरी मात्रा दोन आठवड्यांनी त्याच प्राण्याला गेली पाहिजे, ती तुम्ही कशी देणार?

आणि वन्यप्राण्याला परस्पर पकडणं किंवा औषध घालणं १९७२ च्या वन्यजीव कायद्याखाली अडचणीत आणू शकतं. वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर फोन करा, फोटो द्या.

तुमच्या हातातलं काम मांगरात आहे. तो जिथे अंग टेकतो ते गवत, पोती, चिंध्या काढून जाळा किंवा कडक उन्हात पसरा. खरजेचा किडा प्राण्याच्या अंगाबाहेर काही दिवस जगतो, सावलीत आणि ओलाव्यात जास्त. घरच्या कुत्र्याला खाज असेल तर त्याचा उपचार लगेच, नाहीतर एक बरा होईपर्यंत दुसरा पुन्हा लागण देतो. मांगराखालचं बीळ बुजवायचं असेल तर आधी तोंडाशी राख पसरून दोन रात्री पावलं बघा. आत पिल्लं कोंडली जायला नकोत.

---

माडाखाली · १३ मार्च, सकाळी ६:५०

आता उंदीर आणि त्याचं विष. 'आजारी घुबड' किंवा 'सुस्त मुंगूस' म्हणून जे दिसतं त्यातला काही भाग रोगाचा नसून विषबाधेचा असतो.

ब्रोमॅडिओलोनच्या मेणाच्या वड्यांनी उंदीर लगेच मरत नाही. रक्त गोठणं थांबतं आणि चार-सात दिवसांत आतल्या आत रक्तस्राव होऊन मरतो. त्या दिवसांत तो सुस्त, उघड्यावर, सहज सापडणारा असतो. गव्हाणी घुबड, मुंगूस, धामण आणि घरची मांजर त्यालाच धरतात. घुबडाच्या नाका-तोंडातून रक्त, फिकट पडलेलं तोंड, जखम कुठेच नाही, तर संशय याचाच. वर्षाला शेकडो उंदीर खाणारं घुबड मारून आपण उंदीरच वाढवतो. झिंक फॉस्फाइड वेगळं, ते पोटात वायू सोडतं आणि आमिष खाणाऱ्याला काही तासांत मारतं, मग तो मोर असो की कोंबडी. उघड्यावर टाकायचं नाहीच.

माडासाठी विषाशिवायचा उपाय पत्र्याचा पट्टा. ४० सेंटीमीटर रुंदीचा गुळगुळीत पत्रा, जमिनीपासून २ मीटर उंचीवर, बुंध्याला घट्ट गुंडाळून. माडाचं खोड पुढे जाडावत नाही, त्यामुळे पट्टा बुंध्यात रुतत नाही. खिळे न मारता तारेने आवळा, म्हणजे पाडेलीला (नारळ काढणाऱ्याला) चढताना सोडवता येतो. पण फसतो तो कुठे, तर दाट वाडीत. एका माडाची झावळी दुसऱ्याला टेकली, किंवा पोफळीवरून उडी मारता आली, की उंदीर वरच्या वरून जातो आणि पट्टा नुसता शोभेला. साडेसात मीटरवर लावलेल्या वाडीत उत्तम चालतो. जुन्या, मिसळलेल्या आगरात आधी टेकलेल्या झावळ्या काढा.

विष वापरायचंच असेल तर १० ग्रॅमच्या वड्या माडाच्या शेंड्यात, दोनदा, मध्ये बारा दिवस. जमिनीवर कधीही नाही. आणि त्या काळात रोज सकाळी बुंध्याखालचे मेलेले उंदीर उचलून खोल पुरा. हेच काम बहुतेक जण करत नाहीत.

उंदीर आणि घुशी लेप्टोचे (लेप्टोस्पायरोसिस तापाचे) जंतू लघवीतून सोडतात, स्वतः आजारी दिसत नाहीत. आगोटीची (पावसाआधीची) कामं करताना गोठ्याची गटारं, लाकडांची रास, पेंढ्याची उडवी मे महिन्यातच हलवा. पावसाळ्यात वाडीच्या साचलेल्या पाण्यात अनवाणी काम नको. गमबूट घाला, पायावर जखम असेल तर नक्कीच. ताप आणि पोटऱ्या दुखायला लागल्या तर त्याच दिवशी सरकारी दवाखाना.

---

तिलारीकाठ · १३ मार्च, रात्री ८:४०

सिंधुदुर्गातून लिहितोय, म्हणून माकडतापावर सविस्तर. आत्ता त्याचाच मोसम आहे, डिसेंबर ते मे.

१९५७ साली शिमोग्याच्या क्यासनूर जंगलात हा विषाणू ओळखला गेला. २०१५ ला गोव्याच्या सत्तरीत आणि २०१६ ला आमच्या दोडामार्ग तालुक्यात तो आला. वानर आणि माकडं दोन्ही त्याने मरतात. माणसाला तो मुख्यतः गोचिडीच्या चाव्यातून होतो. माणसाकडून माणसाला होत नाही.

गोचिडीचं चक्र समजून घ्या, बाकी सगळं त्यातून सुचतं. पावसाळ्यात प्रौढ गोचिडी गुरांवर आणि मोठ्या जनावरांवर रक्त पिऊन मातीत अंडी घालतात. पावसानंतर पिल्लं निघतात, ती उंदीर, पक्षी, माकडं यांवर चढतात. हिवाळ्यापासून त्यांची पुढची अवस्था, तिळाहूनही बारीक, पातेऱ्यात (वाळक्या पालापाचोळ्यात) वाट बघत बसते. माणसाला चावते ती हीच. इतकी बारीक की घामोळं समजून खाजवलं जातं. नेमक्या याच वेळी काजूची बोंडं गोळा करायची असतात, पातेरा ओढायचा असतो.

माकड या विषाणूने मेलं की अंग थंड पडतं आणि त्याच्यावरच्या गोचिडी उतरून आजूबाजूच्या पातेऱ्यात पसरतात. म्हणून मेलेलं माकड ज्या जागी आहे ती जागाच धोक्याची. त्याला ओढत नेलं तर आपण गोचिडी वाटभर पेरत जातो. दिसलं की:

हात लावू नका, जवळ जाऊ नका. कुत्री आणि गुरं बांधा. जागेची खूण लांबून करा. वनविभाग आणि प्राथमिक आरोग्य केंद्र, दोघांना कळवा. सभोवार ५० फुटांपर्यंत मॅलेथिऑन हे कीटकनाशक मारतात, ते त्यांच्या माणसांनीच मारायचं. पंचनामा आणि नमुने झाल्यावरच विल्हेवाट. त्या भागात पुढचे काही आठवडे पातेरा, सरपण, बोंडं काही गोळा करायला जाऊ नका.

बागेत जाताना: पूर्ण बाह्यांचा फिक्या रंगाचा शर्ट, पँट मोज्यात खोचलेली, उघड्या अंगाला आरोग्य केंद्रातून मिळणारं, गोचिडी दूर ठेवणारं डेपा तेल. ते काही तासांनी पुन्हा लावावं लागतं, घामाने जातं. जेवायला पातेऱ्यावर बसू नका, चिऱ्यावर बसा. घरी आल्यावर कपडे थेट गरम पाण्यात, अंगाला साबण लावून आंघोळ, आणि काखा, जांघा, कानामागे, कमरपट्ट्याखाली कोणाकडून तरी बघून घ्या. चिकटलेली गोचीड बारीक चिमट्याने कातडीलगत धरून सरळ ओढा. रॉकेल, काडी, चुना नको.

गुरं रानात चरून गोठ्यात येतात तेव्हा गोचिडी आणतात, आणि पावसाळ्यातल्या त्या प्रौढ गोचिडी पुढच्या हंगामाचं बियाणं असतात. फ्लुमेथ्रिनचं पाठीवर ओतायचं औषध (१ टक्क्याचं) १० किलो वजनाला १ मिली, खांद्यापासून शेपटीपर्यंत कण्यावरून. अडीचशे किलोच्या गाईला २५ मिली. कमी ओतलं तर गोचिडी मरत नाहीत, सरावतात. डॉक्टरांना विचारून द्या आणि गोठ्याच्या भिंतींच्या फटीही साफ करा, अंडी तिथेही असतात.

या तापाची लस होती, पण ती पुरेशी प्रभावी न ठरल्याने २०२२ पासून देणं थांबलंय. म्हणून अंग झाकणं हाच आधार. अचानक जोराचा ताप, डोकं फुटेलसं दुखणं, अंग ठेचल्यासारखं, उलट्या, हिरड्यांतून रक्त यातलं काहीही असेल आणि गेल्या आठवड्यात बागेत-रानात गेला असाल, तर डॉक्टरांना 'मी पातेऱ्यात काम केलंय' हे वाक्य स्वतःहून सांगा. नाहीतर मलेरिया आणि डेंग्यूच्या चाचण्यांत दिवस जातात. शंभरात तीन ते पाच रुग्ण दगावतात, उशीर परवडत नाही.

---

परसू · १४ मार्च, सकाळी ९:२५

तिलारीकाठ, मेलेला वानर मारुतीचं रूप म्हणून गावात त्याला खांदा देतात, हळद-कुंकू वाहतात. ज्येष्ठांना 'हात लावू नका' कसं सांगायचं?

---

तिलारीकाठ · १४ मार्च, दुपारी १:१०

श्रद्धेला धक्का न लावता सांगता येतं. नारळ-फुलं मारुतीच्या देवळात ठेवा, वानराच्या अंगाला नाही. आरोग्य खात्याचं काम उरकल्यावर वनविभागाच्या माणसांसमोर, लांबून नमस्कार करून निरोप द्या. गावकऱ्यांना आणि देवस्थानच्या मानकऱ्यांना हे मोसम सुरू व्हायच्या आधी, नोव्हेंबरच्या ग्रामसभेत सांगितलं तर पटतं. वानर पडल्यावर जमलेल्या गर्दीत कोणी ऐकत नाही.

---

खाजणकाठ · १४ मार्च, संध्याकाळी ५:३०

बेडूक आणि वटवाघळं, थोडक्यात.

बेडकांच्या कातडीला लागणारी कायट्रिड बुरशी आपल्या उत्तर सह्याद्रीतल्या बेडकांत सापडल्याचं २०१३ मध्ये प्रसिद्ध झालं आहे. ती पाण्यातून पसरते. एका तळीतली बेडूकमाशी (बेडकांची पिल्लं) दुसऱ्या विहिरीत सोडू नका, मत्स्यपेटीचं पाणी आणि मासे व्हाळात ओतू नका. घाटावर आंबोलीला जाऊन आलात तर चिखलाचे बूट घासून पूर्ण वाळवल्याशिवाय वाडीच्या तळीत उतरू नका. डासांसाठी गप्पी मासे टाकीत आणि बंद हौदात ठीक, पण पावसाळी डबक्यात नकोत, बेडूकमाशी खातात.

निपाह या माणसालाही होणाऱ्या जीवघेण्या विषाणूच्या प्रतिपिंडांचा पुरावा महाबळेश्वरला २०२० मध्ये पकडलेल्या वटवाघळांत मिळाला होता. म्हणून वड-आंब्यावरची वस्ती उठवायला फटाके लावू नका, झाड तोडू नका. हुसकावलेली, उपाशी वटवाघळं विषाणू जास्त सोडतात आणि पांगून नव्या जागी जातात. माडीचं मडकं तोंडाशी बारीक जाळी किंवा फडकं बांधून झाका, कच्ची उघडी माडी टाळा. दातांच्या खुणा असलेले चिकू, पेरू, आंबे पुरून टाका. कापून चांगला भाग खाणं नको.

---

केळफूल · १५ मार्च, सकाळी १०:०५

कोल्ह्याचं १९२६ ला कळवलं. पलीकडून एवढे प्रश्न आले की मी गडबडले. फोन करण्याआधी काय काय जवळ ठेवायचं?

---

गुरांचा_डॉक्टर · १५ मार्च, दुपारी २:२०

हे कागदावर लिहून फोनजवळ ठेवा, ताई. गाव, वाडी, जवळची खूण (देऊळ, साकव, शाळा). कोणता प्राणी, किती, जिवंत की मेलेला. पहिल्यांदा कधी दिसला. उभा राहतो का, डोकं कसं धरतो, तोंडाला फेस किंवा रक्त आहे का. गेल्या आठवड्यात आसपास विष, फवारणी किंवा कोंबड्यांची मर झाली का. कोणा माणसाला किंवा कुत्र्याला चावा-ओरखडा झाला का. लांबून काढलेले दोन फोटो आणि दहा सेकंदांचा व्हिडिओ, चालण्याचा. डिस्टेंपर, विष आणि मोडलेला पाय यातला फरक चालण्यातच दिसतो.

चावा झाला असेल तर फोन नंतर. आधी जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटं, घड्याळ लावून. वर हळद, तिखट, चुना काही नाही. त्याच दिवशी आरोग्य केंद्रात रेबीजची लस. कातडीत टोचण्याच्या पद्धतीत ती ०, ३, ७ आणि २८ व्या दिवशी असते. जखमेतून रक्त आलं असेल तर पहिल्याच भेटीत जखमेत सीरमही (रेबीजविरोधी तयार प्रतिपिंडं) घ्यावं लागतं. तालुक्याच्या दवाखान्यात ते आहे का, हे निघण्याआधी विचारून घ्या, नाहीतर थेट जिल्हा रुग्णालय गाठा.